आरक्ख : विहाराची मालमत्ता आणि राज्यसंस्थेचे संरक्षण

विहाराच्या जागेवरून वाद निर्माण झाला, की आपल्या उपासकांसमोर बहुधा एकाच वेळी दोन मार्ग उभे राहतात. जो अडथळा आणतो त्याच्यावर फौजदारी करावी, त्याला शिक्षा व्हावी, असे एका गटाला वाटते. तर कोर्टकचेरी धम्माला शोभत नाही, म्हणून गप्प बसावे, असे दुसरा गट सांगतो. पहिला गट लोकशाहीने दिलेल्या हक्काचा दाखला देतो, दुसरा खन्तीचा. या दोन्ही टोकांच्या मध्ये विनयपिटकाने एक तिसरी वाट दाखवून ठेवलेली आहे, तिच्याकडे मात्र फारसे लक्ष गेलेले नाही. त्या वाटेचे नाव 'आरक्ख'. आरक्ख म्हणजे संरक्षण. ते राज्यसंस्थेकडे कसे मागावे, मागताना काय बोलावे आणि काय बोलू नये, याचा विचार प्राचीन आचार्यांनी बारकाईने केलेला आहे. प्रस्तुत लेखात हा विचार मांडून, इतिहासातील तीन प्रसंगांच्या प्रकाशात तो तपासण्याचा प्रयत्न केला आहे.

श्रावस्तीचे कोठार

संघाची मालमत्ता आणि न्यायसभा यांचा संबंध संघाच्या आरंभकाळापासूनचा आहे. जेतवनाचीच कथा पाहावी. अनाथपिण्डिकाने राजकुमार जेताकडे उद्यान मागितले. कोटी मुद्रा अंथरल्या तरी ते देणार नाही, असे जेत म्हणाला. किंमत उच्चारली गेली म्हणजे व्यवहार झाला, असा अनाथपिण्डिकाचा आग्रह. वाद वोहारिक महामात्तांकडे, म्हणजे न्यायाधिकाऱ्यांकडे गेला आणि निर्णय अनाथपिण्डिकाच्या बाजूने लागला. चुल्लवग्गातील ही हकीकत आपण दानाची कथा म्हणून सांगतो. परंतु ती एका न्यायनिर्णयाचीही कथा आहे, हे विसरता कामा नये.

भिक्खुनी-विभंगातील पहिल्या संघादिसेस नियमाची निदानकथा याहून गंभीर आहे. श्रावस्तीतील एका उपासकाने भिक्खुनी संघाला 'उदोसित' दान दिले होते. अट्ठकथेत उदोसिताचा अर्थ भण्डसाला, म्हणजे माल ठेवण्याचे कोठार, असा दिला आहे. पुढे तो उपासक मरण पावला. त्याला दोन पुत्र होते. एक श्रद्धावान, दुसरा अश्रद्ध. वडिलार्जित मालमत्तेची वाटणी करताना अश्रद्ध पुत्राने कोठारही वाटणीत घेण्याचा आग्रह धरला. वडिलांनी ते संघाला दिलेले आहे, असे श्रद्धावान भावाने दोनदा बजावले. तिसऱ्यांदा मात्र, आपल्या वाट्याला आले तर आपण ते संघालाच देऊ, अशा विचाराने त्याने वाटणीला संमती दिली. कोठार नेमके दुसऱ्याच्या वाट्याला गेले, आणि त्याने भिक्खुनींना जागा सोडण्यास सांगितले.

थुल्लनन्दा भिक्खुनीने प्रतिकार केला. प्रश्न महामात्तांपुढे गेला. हे दान दिले गेले होते हे कोणास ठाऊक आहे, असे त्यांनी विचारले. त्यावर, साक्षीदार उभा करून दान देताना आपण कधी कोणास पाहिले आहे काय, असा प्रतिप्रश्न थुल्लनन्देने केला. महामात्तांना तो पटला आणि कोठार भिक्खुनी संघाकडे राहिले. येथेच प्रकरण थांबले असते तर कदाचित नियमाचा प्रसंगच उद्भवला नसता. हरलेला पुत्र भिक्खुनींना शिव्याशाप देऊ लागला. थुल्लनन्देने ते महामात्तांना सांगितले आणि त्याला दंड झाला. दंड भरल्यावर त्याने भिक्खुनींच्या निवासाजवळ आजीवकांसाठी जागा बांधली आणि त्यांना भिक्खुनींना त्रास देण्यास चिथावले. थुल्लनन्देने पुन्हा तक्रार केली आणि तो बंदिवासात गेला. तेव्हा लोक बोलू लागले, की या भिक्खुनींनी प्रथम कोठार घेतले, मग दंड करविला, आता कैद करविली. पुढे त्या याला ठारही करवितील.

लोकापवाद भगवंतांपर्यंत पोहोचला आणि नियम घालून देण्यात आला. जी भिक्खुनी 'उस्सयवादिका' होऊन राहील, तिला संघादिसेस आपत्ती लागू होईल. विभंगाने या शब्दाचा अर्थ 'अड्ड करणारी', म्हणजे खटला चालविणारी, असा केला आहे. खटल्याच्या पायऱ्यांनुसार दोष वाढत जातो. न्यायाधिकाऱ्याला प्रथम सांगितल्यास दुक्कट, दुसऱ्यांदा सांगितल्यास थुल्लच्चय आणि खटल्याच्या अखेरीस संघादिसेस.

मागणे कशाचे?

येथवर वाचून थांबले तर दुसऱ्या गटाचे म्हणणे खरे वाटेल. परंतु विभंगाच्या शेवटी अनापत्ती सांगितल्या आहेत, म्हणजे कोणत्या परिस्थितीत दोष लागत नाही याची यादी दिली आहे. लोकांनी ओढून नेले म्हणून जी जाते तिला दोष नाही. जी कोणाचेही नाव न घेता घडलेली गोष्ट सांगते तिला दोष नाही. आणि जी आरक्ख मागते तिला दोष नाही.

'समन्तपासादिका' या अट्ठकथेत आचार्य बुद्धघोषांनी याचे विवरण केले आहे. भिक्खुनींच्या निवासात कोणी आगळीक केली, वस्तू नेल्या, तर भिक्खुनीने न्यायाधिकाऱ्यांकडे जाऊन संरक्षण मागावे. हे कोणी केले, असे त्यांनी विचारले तर नाव सांगू नये. ते शोधणे तुमचे काम आहे, आम्हाला केवळ संरक्षण द्या आणि गेलेली वस्तू परत मिळवून द्या, एवढेच म्हणावे. यानंतर अधिकाऱ्यांनी स्वतः चौकशी करून अपराध्यास दंड केला, तरी भिक्खुनीवर त्याचा भार येत नाही. भिक्खूंनाही हाच न्याय लागू आहे, असे आचार्य स्पष्ट करतात.

येथे दोन क्रिया वेगळ्या केलेल्या आहेत. अड्ड हा एखाद्या माणसाविरुद्ध असतो. त्याचे फळ त्या माणसाच्या दंडात मोजले जाते. आरक्ख ही जागेसाठी आणि त्या जागेतील शांततेसाठी केलेली मागणी असते. तिचे फळ निवास निर्वेध राहण्यात मोजले जाते. अपराध्याला शोधणे आणि दंड करणे हे राज्याचे कर्तव्य राज्याकडेच राहते.

हा शब्द उपासकांच्या जीवनातही येतो. अंगुत्तर निकायातील व्यग्घपज्ज सुत्तात भगवंतांनी कोलियपुत्र दीघजाणूला चार संपदा सांगितल्या, त्यांतील दुसरी आरक्खसंपदा. कष्टाने व धर्माने मिळविलेले धन राजांनी हरण करू नये, चोरांनी नेऊ नये, अग्नीने जाळू नये, पाण्याने वाहून नेऊ नये आणि अप्रिय वारसांच्या हाती पडू नये, यासाठी दक्ष राहणे म्हणजे आरक्खसंपदा. श्रावस्तीच्या कोठारावर संकट आले ते याच यादीतील शेवटच्या कारणाने, म्हणजे वारसामुळे. आणि याच यादीच्या आरंभी चोराच्याही आधी राजा आहे, ही गोष्ट ध्यानात ठेवण्यासारखी आहे.

त्रिरश्मीचा शिलालेख

श्रावस्तीच्या दानाला साक्षी नव्हता. काही शतकांनंतर महाराष्ट्रातील संघाने ही उणीव कशी भरून काढली, हे नाशिकच्या त्रिरश्मी लेण्यांत, म्हणजे आजच्या पांडवलेणीत, पाहावयास मिळते. गौतमीपुत्र सातकर्णीने आपल्या कारकिर्दीच्या १८ व्या वर्षी गोवर्धन येथील अमात्य विष्णुपालित याला आज्ञा पाठविली, की पश्चिम काखडी गावातील, पूर्वी उषवदाताकडे असलेले २०० निवर्तने शेत 'तेकिरसि' म्हणजे त्रिरश्मी येथील प्रव्रजितांना द्यावे. ही आज्ञा लेण्याच्या भिंतीवर कोरलेली आहे.

या आज्ञेत शेताला काही परिहार, म्हणजे सवलती, दिलेल्या आहेत. तेथे राजपुरुषांनी प्रवेश करू नये, त्याला हात लावू नये, मिठासाठी खणू नये आणि ते 'अरठसविनयिक' असावे. या शेवटच्या संज्ञेचा अर्थ विद्वानांनी प्रदेशाच्या शासनयंत्रणेच्या, तिच्या दंडाधिकाराच्या हस्तक्षेपापासून मुक्त असा केला आहे. त्या काळी संघाला हवे असलेले संरक्षण राजाच्या शिपायांकडून होते तसेच राजाच्या शिपायांपासूनही होते. राजा आणि चोर एकाच यादीत का आले, याचे हे ऐतिहासिक स्पष्टीकरण म्हणता येईल.

पुढे २४ व्या वर्षी राजाच्या आणि राजमातेच्या नावाने अमात्य श्यामकाला दुसरी आज्ञा गेली. काखडीचे शेत कसले जात नाही, गावही ओसाड आहे, म्हणून त्याऐवजी नगराच्या सीमेवरील राजकीय शेतातून १०० निवर्तने द्यावीत, तेच परिहार द्यावेत आणि दानाची नोंद करावी, असा तिचा आशय आहे. दान कागदावर राहून उपयोग नाही, ते प्रत्यक्ष कसले गेले पाहिजे. आणि ते बदलले तर बदलही नोंदला गेला पाहिजे, ही दृष्टी त्यात दिसते. हक्क, नोंद आणि वहिवाट या तिन्ही गोष्टी येथे एकत्र आल्या.

बोधगया, १८९५

या तीन गोष्टी एकमेकींपासून तुटल्या म्हणजे काय होते, हे बोधगयेच्या इतिहासाने दाखविले. महाविहार मुळात बौद्धांचा. परंतु अनेक शतकांच्या उच्छेदानंतर तेथे बौद्ध वस्ती उरली नव्हती आणि ताबा शैव गिरी पंथाच्या महंतांकडे गेला होता. १८८० नंतरच्या काही वर्षांत सरकारने बेग्लर यांच्या हस्ते मंदिराची दुरुस्ती केली. तरीही त्यामुळे ताबा बदलला नाही. २२ जानेवारी १८९१ रोजी अनागारिक धर्मपाल तेथे पोहोचले आणि त्याच वर्षी ३१ मे रोजी कोलंबो येथे महाबोधी सभेची स्थापना झाली. ब्रह्मी राजाने यात्रिकांसाठी बांधविलेल्या धर्मशाळेत भिक्खू राहू लागले. फेब्रुवारी १८९३ मध्ये त्यांना महंतांच्या माणसांकडून मारहाण झाली.

जपानमधील बौद्धांनी धर्मपालांना एक प्राचीन बुद्धमूर्ती दिली होती. मे १८९४ मध्ये ती महाविहारात बसविण्याचा त्यांचा विचार होता. महंतांनी विरोध केला आणि त्यांच्या संमतीवाचून पाऊल उचलू नये, असे जिल्हाधिकाऱ्यांनी सुचविले. २५ फेब्रुवारी १८९५ च्या सकाळी धर्मपाल काही सहकाऱ्यांसह मूर्ती घेऊन वरच्या मजल्यावर गेले, ती स्थापन केली आणि ध्यानाला बसले. थोड्याच वेळात महंतांची माणसे धावून आली. त्यांनी दिवे विझविले आणि मूर्ती उचलून खाली अंगणात नेऊन ठेवली.

धर्मपालांनी फौजदारी फिर्याद केली. गयेचे दंडाधिकारी डी. जे. मॅकफर्सन यांनी १९ जुलै १८९५ रोजी तीन आरोपींना प्रत्येकी एक महिना साधी कैद आणि १०० रुपये दंड अशी शिक्षा दिली. सत्र न्यायालयानेही त्यांना दोषी ठरविले. परंतु २२ ऑगस्ट १८९५ रोजी कलकत्ता उच्च न्यायालयाने शिक्षा रद्द केली.

या निर्णयाचे मर्म एका शब्दात होते. दंडसंहितेचे तत्कालीन २९६ वे कलम कायदेशीरपणे चाललेल्या उपासनेत व्यत्यय आणणे हा अपराध मानीत होते. मंदिर प्राचीन बौद्ध मंदिर आहे, त्याचे हिंदू मंदिरात रूपांतर झालेले नाही आणि बौद्ध यात्रिकांना तेथे उपासनेची मोकळीक राहिलेली आहे, हे उच्च न्यायालयाने मान्य केले. मात्र ताबा महंतांचा आहे, त्यांचा विरोध आधीच कळविलेला होता आणि नवी मूर्ती स्थापन करणे हा रूढ उपासनेचा भाग असल्याचे सिद्ध झालेले नाही. म्हणून ती कृती 'कायदेशीर' ठरली नाही आणि व्यत्ययाचा अपराधही टिकला नाही.

धर्मपालांचा त्याग आणि धैर्य निर्विवाद आहे. त्यांच्यामुळेच बोधगया पुन्हा जगाच्या नजरेत आली. ते त्या वेळी भिक्खू नव्हते, म्हणून विनयाचा दोष लावण्याचाही प्रश्न नाही. इतिहासाच्या दृष्टीने एवढेच पाहावयाचे, की मालकीचा मूळ प्रश्न फौजदारी न्यायालयाच्या हाती दिला गेला. फौजदारी न्यायालय मालकी ठरवीत नाही. ते ताबा आणि शांतता पाहते. यात्रिकांची रूढ उपासना निर्वेध राहावी, एवढे संरक्षण मागितले असते तर त्याला भक्कम आधार होता, तो उच्च न्यायालयाच्या निकालातच नमूद झाला. परंतु तीन माणसांच्या शिक्षेवर सारे अवलंबून ठेवल्यामुळे, ती शिक्षा रद्द होताच हक्कच हरल्याचा समज पसरला आणि महंतांचा ताबा निकालपत्रात नोंदला गेला. पुढे १९०६ मध्ये महंतांनी धर्मशाळेतून धर्मपालांना काढण्यासाठी दिवाणी दावा लावला. १९१० मध्ये उच्च न्यायालयातही तो महंतांच्या बाजूने कायम झाला. दरम्यान १९०३ मध्ये लॉर्ड कर्झन यांनी शारदाचरण मित्र आणि हरप्रसाद शास्त्री यांची समिती नेमली, पण तिनेही प्रश्न सुटला नाही. अखेर १९४९ च्या बोधगया मंदिर कायद्याने व्यवस्थापन समितीकडे दिले. तिच्यात चार बौद्ध, चार हिंदू आणि अध्यक्षस्थानी जिल्हाधिकारी अशी रचना झाली. अध्यक्ष हिंदूच असावा ही अट २०१३ च्या दुरुस्तीने गेली. परंतु समितीची रचना तीच राहिली. फेब्रुवारी २०२५ मध्ये सुरू झालेल्या आंदोलनाची मागणी हीच रचना बदलण्याची होती.

महाडचा मनाईहुकूम

बोधगयेत हक्क आपला आणि ताबा परक्याचा होता. महाडमध्ये तळे सार्वजनिक असूनही वहिवाट नाकारलेली होती. २० मार्च १९२७ रोजी बोधिसत्त्व डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी चवदार तळ्याचे पाणी घेतले, त्यानंतर सनातन्यांनी सत्याग्रहींवर हल्ला केला. डिसेंबरात दुसऱ्या परिषदेची तयारी चालू असताना प्रतिपक्षाने तळे खाजगी असल्याचा दिवाणी दावा आणला आणि १४ डिसेंबर १९२७ रोजी तात्पुरता मनाईहुकूम मिळविला. न्यायालयाचे संरक्षण मागण्याचे शस्त्र येथे हक्क नाकारणाऱ्यांनी वापरले.

हजारो लोक जमलेले असताना बाबासाहेबांनी तो हुकूम मोडू दिला नाही. २५ डिसेंबरला मनुस्मृतीचे दहन झाले, परंतु तळ्याचे पाणी त्या वेळी घेतले गेले नाही. ही माघार नव्हती. लढ्याचे क्षेत्र पोलिसांच्या काठीपुढून पुराव्याच्या पटलावर नेण्याचा तो निर्णय होता. २३ फेब्रुवारी १९२८ रोजी मनाईहुकूम उठला. ८ जून १९३१ रोजी दावा फेटाळला गेला, १९३३ मध्ये ठाण्याच्या न्यायालयात अपील फेटाळले गेले आणि १७ मार्च १९३७ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने त्यावर शिक्कामोर्तब केले. तळे वादींच्या मालकीचे नसून नगरपालिकेकडे आहे, हे खालच्या न्यायालयात ठरले होते. उच्च न्यायालयात मुद्दा उरला तो अनादी रूढीचा, आणि ती वादींना सिद्ध करता आली नाही. या लढ्याला जवळजवळ दहा वर्षे लागली. परंतु निकाल कोणाच्या शिक्षेवर उभा नव्हता. तो तळ्याच्या सार्वजनिक स्वरूपावर उभा होता. म्हणून तो टिकला.

आजचा विचार

आपली पुष्कळ विहारे श्रावस्तीच्या कोठारासारखी आहेत. कोणा उपासकाने तोंडी जागा दिली, वस्तीने श्रमदानाने वीट वीट रचली, दर पौर्णिमेला वंदना होते. परंतु बक्षीसपत्र नाही, सातबाऱ्यावर किंवा मिळकत पत्रिकेवर नोंद नाही, विश्वस्त संस्थेची धर्मादाय आयुक्तांकडे नोंदणी नाही किंवा विश्वस्त बदलल्यावर फेरफार अहवाल दाखल केलेला नाही. दात्याच्या पश्चात वारस उभा राहतो. पोलीस ठाण्यात गेल्यास हा दिवाणी वाद आहे, एवढेच उत्तर मिळते. साक्षीविना दान ग्राह्य धरणारे महामात्त आज भेटणार नाहीत.

तरीही आरक्खाची वाट आजच्या कायद्यातही आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ३९ व्या आदेशान्वये मनाईहुकूम मागता येतो. तो मोडला जात असेल तर न्यायालय आपल्या अंगभूत अधिकारात पोलीस मदतीचा आदेश देऊ शकते. पोलीस कर्तव्य टाळत असतील तर संविधानाच्या अनुच्छेद २२६ अन्वये उच्च न्यायालयाकडे जाता येते; मात्र तेथे मालकीचा वाद सोडविला जाईल, अशी अपेक्षा करू नये. शांतताभंगाचा संभव असल्यास कार्यकारी दंडाधिकारी ताब्याची चौकशी करतात. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे १४५ वे कलम आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत १६४ वे झाले आहे. दोन महिन्यांच्या आत बळाने काढून लावलेल्या पक्षाला त्यात ताबेदार मानता येते. विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाच्या ६ व्या कलमान्वये सहा महिन्यांच्या आत दावा केल्यास मालकीचा प्रश्न न काढता ताबा परत मागता येतो. या सर्व ठिकाणी विलंब घातक ठरतो आणि वहिवाटीचा पुरावा निर्णायक ठरतो. वीजबिल, कराची पावती, वर्षावासाच्या कार्यक्रमाची पत्रिका, तारखेची छायाचित्रे या साध्या गोष्टी अशा वेळी साक्षीदार होतात.

भिक्खूंनी खटला चालवू नये. विश्वस्त उपासकांनी तो भार उचलावा. त्यांच्यावर विनयाचे बंधन नाही. परंतु विनयातील विवेक त्यांनाही उपयोगी आहे. प्रतिपक्षाच्या माणसाला तुरुंगात घालणे हे विहाराचे उद्दिष्ट असू शकत नाही. थुल्लनन्देने कोठार राखले आणि लोकांचा विश्वास गमावला. तोच शेजारी, तोच वारस उद्याही त्याच गल्लीत राहणार असतो, आणि त्याची मुले एखाद्या दिवशी वंदनेला यावीत, ही शक्यता आपण बंद करू नये. हल्ला झाला, स्त्रियांना किंवा भिक्खूंना इजा झाली, जातीवरून अपमान झाला, तर कायद्याने दिलेला प्रत्येक उपाय योजणे उपासकांचे कर्तव्यच आहे. आरक्ख म्हणजे अन्याय सहन करणे नव्हे. मात्र जागेच्या वादात प्रथम जागा राखावी. तिचे कागद वाद नसताना तयार करावेत आणि वाद आल्यावर न्यायालयाकडे नेमकी मागणी करावी.

त्रिरश्मीच्या भिक्खूंनी राजाज्ञा डोंगराच्या भिंतीवर कोरून घेतली, म्हणून सुमारे एकोणीसशे वर्षांनंतरही ते शेत कोणाचे होते हे आपण सांगू शकतो. आपल्या विहाराबद्दल पुढच्या पिढीला तेवढे सांगता येईल काय, याची तपासणी प्रत्येक विहार समितीने येत्या वर्षावासात आपल्या दप्तरापासून सुरू करावी.